नदीचं मूळ, निजामशाहीचं कूळ

19 जानेवारी 2020, रविवार. शिर्डीत साईबाबांचं मंदिर उघडं होतं, दर्शन चालू होतं, पण गावात दुकानांची फळी उघडली नव्हती. हारफुलांची दुकानं, हॉटेलं, प्रसादाचे पेढे, सगळं बंद. कारण होतं एका शब्दाचं. परभणी जिल्ह्यातल्या पाथरीच्या विकासासाठी 100 कोटी रुपयांची घोषणा करताना तेव्हाचे मुख्यमंत्री उद्धव ठाकरे यांनी पाथरीचा उल्लेख साईबाबांचं जन्मस्थान असा केला होता. निधीला शिर्डीकरांची हरकत नव्हती, हरकत होती ‘जन्मस्थान’ या शब्दाला. बाबांनी आपली जात, गाव, आईबाप कधी कुणाला सांगितले नाहीत. मग सरकारने ते का सांगावेत, असं शिर्डीचं म्हणणं. पाथरीकरांकडे त्यांचे पुरावे होते. मुंबईत बैठक झाली, तापलेलं वातावरण निवलं, प्रश्न होता तिथेच राहिला.

नदीचं मूळ आणि ऋषीचं कूळ शोधू नये, अशी आपल्याकडे म्हण आहे. ऋषीच्या बाबतीत ती पाळता येते, कारण ऋषीला काही वाटून द्यायचं नसतं. राजाच्या बाबतीत ती चालत नाही. तिथे कूळ म्हणजेच कागद, कूळ म्हणजेच सातबारा. आणि पाथरी व शिर्डी ज्या जिल्ह्यात आहे ते नगर यांचं कुळावरून नातं जुळण्याची, कुळावरून रक्त सांडण्याची ही काही पहिली वेळ नव्हती. पाचशे वर्षांपूर्वी याच पाथरीसाठी नगरहून फौज निघाली होती. शंभरेक वर्षं ज्या घराण्याने नगरवर राज्य केलं, त्याच्या अखेरीलाही ‘हा मुलगा नक्की कोणाचा?’ हाच प्रश्न होता. आजच्या अहिल्यानगरच्या भुईकोट किल्ल्याने पाहिलेली सर्वांत मोठी लढाई या प्रश्नातूनच उभी राहिली.

पाथरीचे कुलकर्णी

मुहम्मद कासिम फिरिश्ता हा इतिहासकार लहानपणी बापाचं बोट धरून अहमदनगरला आला. बाप निजामशाही शहजाद्याला फारसी शिकवायला होता. फिरिश्ता तिथेच वाढला, दरबारात चाकरी केली आणि 1589 मध्ये विजापूरला गेला. त्यामुळे निजामशाहीच्या घरातल्या गोष्टी त्याला घरच्यासारख्या माहीत होत्या, आणि लिहिताना तो विजापूरच्या आश्रयाला असल्याने त्या लपवायचं कारणही नव्हतं.

तो सांगतो ती हकीकत अशी. पाथरीच्या कुलकर्ण्यांच्या ब्राह्मण घराण्यातली काही मंडळी गाव सोडून विजयनगरच्या मुलखात गेली. तिथे भैरव, म्हणजे आपल्या बोलीतला बहिरू, याला तिमाभट नावाचा मुलगा झाला. अहमदशाह बहमनीची विजयनगरवर स्वारी झाली, त्यात हे पोर सैनिकांच्या हाती लागलं. त्याला मुसलमान करून मलिक हसन नाव दिलं आणि शहजाद्याच्या सोबतीला ठेवलं. पोर हुशार निघालं, शहजाद्याबरोबर शिकलं. बापाच्या नावावरून त्याला हसन बहिरू म्हणत. शहजाद्याच्या तोंडी त्याचं ‘बहरी’ झालं. बहरी म्हणजे शिकारी ससाणा. आपण आजही बहिरी ससाणा म्हणतो तोच. पुढे शिकारी पक्ष्यांची व्यवस्था त्याच्याकडे आली आणि नाव अंगाला चिकटलं. एका अक्षराच्या सरकण्याने भैरव देवाचा ससाणा पक्षी झाला, आणि घराण्याने तेच नाव अभिमानाने मिरवलं.

मलिक हसन चढत गेला. बिदरच्या दरबारात दख्खनी सरदारांचा तो म्होरक्या झाला. महमूद गावान या परदेशी वजिराचा 1481 मध्ये शिरच्छेद झाला. त्याच्या शिक्क्याच्या कोऱ्या कागदावर राजद्रोहाचं बनावट पत्र लिहून तो घडवून आणला होता, आणि त्या कटाच्या मुळाशी मलिक हसनची बाजू होती. गावाननंतर निजाम-उल-मुल्क हा किताब मिरवणारा हसन स्वतः सर्वेसर्वा झाला. 1486 मध्ये त्याचाही बिदरमध्ये खून झाला. जुन्नरला असलेला त्याचा मुलगा मलिक अहमद आता कुणाचा चाकर राहिला नाही. 1490 मध्ये त्याने भिंगारजवळ बहमनी फौज उधळली, सीना नदीकाठी त्या विजयाची बाग लावली आणि काही वर्षांत तिथेच शहर वसवलं. बापाच्या किताबावरून घराणं निजामशाही झालं.

राज्य झालं, तशी पाथरीची आठवण झाली. पाथरी तेव्हा वऱ्हाडच्या इमादशाहीत. अहमदचा मुलगा बुऱ्हाण गादीवर आला तेव्हा सात वर्षांचा होता. त्याच्या कारभाऱ्यांनी इमादशहाला कळवलं की पाथरी आमच्या पूर्वजांची, ती आम्हाला द्या, बदल्यात तिच्याहून जास्त वसुलाचा परगणा घ्या. इमादशहाने नकार दिला आणि पाथरीची तटबंदी पक्की करायला घेतली. 1518 मध्ये निजामशाही फौजेने अचानक चाल करून पाथरी घेतली. मध्यंतरी ती हातची गेली, पुन्हा जिंकली, किल्ला पाडून टाकला आणि गाव आपल्या ब्राह्मण भाऊबंदांना इनाम दिलं. अकबराच्या काळापर्यंत ते इनाम त्यांच्याकडे चालल्याचं फिरिश्ता नोंदवतो.

इथे जरा थांबायला हवं. आजोबाच्या काळात ज्याच्या घराण्याचा धर्म बदलला, बारा इमामांच्या नावाचा खुत्बा पुढे ज्याच्या राज्यात वाचला जाणार होता असा सुलतान कुलकर्णी भाऊबंदांसाठी लढाई करतो. यात केवळ भावना असेल असं नाही. पाथरी गोदावरीच्या खोऱ्यातली, सरहद्दीवरची, कसदार जमिनीची. पण हक्क सांगायला कारण म्हणून मूळ गाव पुढे करावंसं वाटलं, आणि ते ऐकणाऱ्याला पटण्यासारखं वाटलं, हे महत्त्वाचं.

घर एक, वंशावळी दोन

याच घराण्याची दुसरी वंशावळही आहे. बुऱ्हाण निजामशाह दुसरा याच्या आश्रयाला सय्यद अली तबातबाई नावाचा इराणी विद्वान होता. त्याने ‘बुऱ्हान-इ-मासिर’ हा इतिहास लिहिला. मालकासाठी लिहिलेल्या या ग्रंथात निजामशाहीचा संस्थापक मलिक अहमद हा बहमनी राजरक्ताचा ठरतो. मलिक हसन केवळ सांभाळणारा. पाथरी, कुलकर्णी, बहिरू, सगळं पुसलं जातं.

ही उडी कुठे जाते पाहा. बहमनी सुलतान स्वतःचं कूळ इराणच्या पुराणकथांतल्या इस्फंदियारचा मुलगा बहमन याच्यापर्यंत नेत. फिरिश्ता त्याच बहमनींची दुसरी गोष्ट सांगतो: संस्थापक हसन हा गंगू नावाच्या ब्राह्मणाचा नोकर होता आणि धन्याच्या उपकारापोटी त्याने ते नाव धरलं. इतिहासकार आज ही गंगूची गोष्ट मानत नाहीत. म्हणजे एकाच निजामशाही घराण्याला दरबारात इराणी वीर पूर्वज, आणि बाजारात गोदावरीकाठचे कुलकर्णी.

दोन वंशावळींची गरज वेगवेगळ्या वेळी पडली. 1518 मध्ये राज्य तरुण होतं, फौज जोरात होती, मुलूख वाढवायचा होता. तेव्हा पाथरीचे कुलकर्णी उपयोगी होते. 1590 नंतर उत्तरेत अकबर उभा होता, ज्याचं कूळ तैमूरला भिडत होतं. त्याच्यापुढे कैदेत सापडलेल्या पोराचा खापरपणतू म्हणून उभं राहणं परवडणारं नव्हतं. घराणी वंशावळ लिहितात ती मागे पाहून लिहितात असं आपण समजतो. पुष्कळदा समोर कोण उभा आहे ते पाहून लिहितात.

दौलताबादचा पाहुणा

राजरक्ताची एवढी मातबरी, तर राजपुत्र जपायला हवेत. निजामशाहीत घडलं उलट. प्रत्येक नव्या सुलतानाला भाऊ म्हणजे धास्ती. 1553 मध्ये बुऱ्हाण पहिला गेला, हुसेन निजामशाह गादीवर बसला, आणि त्याचे भाऊ वाट फुटेल तिकडे पळाले. शाह अलीची आई विजापूरच्या आदिलशाही घराण्यातली, तो आजोळी गेला. मुहम्मद खुदाबंदा नावाचा भाऊ दूर उत्तरेकडे निघून गेला.

पुढच्या पिढीत मूर्तजा निजामशाह. विरक्तीच्या लहरीत तो वर्षानुवर्षं बागेतल्या महालात कोंडून घेऊन राहिला. लोक त्याला दिवाणा म्हणू लागले. कारभार सलाबतखान पाहत होता. त्या काळात शाह ताहिर नावाचा एक माणूस दौलताबादेजवळ येऊन दाखल झाला. त्याचं म्हणणं: मुहम्मद खुदाबंदा परमुलखात वारला, मी त्याचा मुलगा, दिवस वाईट आले म्हणून घरी परतलो आहे.

फिरिश्ता ही हकीकत तपशिलाने देतो, आणि तिच्यात सलाबतखानाची अडचण स्वच्छ दिसते. खुदाबंदा जाऊन तीसएक वर्षं झालेली. त्याला पाहिलेली माणसं थकलेली किंवा गेलेली. आलेल्या माणसाकडे कागद नाही. खोटा म्हणून हाकलावा, तर उद्या एखादा बंडखोर सरदार त्याला उचलून छत्राखाली बसवणार. खरा म्हणून घ्यावा, तर गादीला आणखी एक वाटेकरी. सलाबतखानाने चौकशी केली, पण छडा लागेना. म्हणून त्याला किल्ल्यात नजरकैदेत ठेवलं. सुलतानाचा भाऊ बुऱ्हाण तेव्हा अकबराच्या आश्रयाला होता. त्याच्याकडे विचारणा गेली. उत्तर आलं की खुदाबंदा माझ्याच घरी वारला, त्याची बायकामुलं सगळी माझ्यापाशी आहेत. हा माणूस तोतया आहे.

निवाडा झाला म्हणावा, तर बुऱ्हाण हा साक्षीदार स्वतः गादीवर डोळा ठेवून बसलेला. त्याला आणखी एक चुलतभाऊ कशाला हवा होता? तोतया ठरूनही शाह ताहिरला ना सोडलं, ना मारलं. तो कैदेतच मेला. मागे एक मुलगा राहिला. त्याचं नाव अहमद. बापाचा न तुटलेला दावा पोराच्या नावावर चढला आणि किल्ल्याच्या कोठडीत पडून राहिला.

बाहेर तोवर राजरक्ताची धूळधाण चालली होती. 1588 मध्ये मूर्तजाला त्याच्याच मुलाने, मीरान हुसेनने, हमामखान्यात कोंडून मारलं. गादीवर आल्यावर मीरान हुसेनने घराण्यातले पंधरा पुरुष एका दिवसात कापून काढले, असं फिरिश्ता लिहितो. वर्ष उलटायच्या आत त्याचंही डोकं धडावेगळं झालं. मग लोहगडावर कैदेत असलेला बारा वर्षांचा इस्माईल गादीवर आला. त्याचा बाप तोच अकबराकडचा बुऱ्हाण. बाप जिवंत असताना मुलगा सुलतान! 1591 मध्ये बापाने येऊन मुलाला उतरवलं आणि बुऱ्हाण दुसरा म्हणून तो स्वतः बसला. ‘बुऱ्हान-इ-मासिर’मधली वंशावळ लिहिली गेली ती याच्या दरबारात. बाहेर वंशाची कत्तल, आत वंशाचं गुणगान.

एक गादी, चार धनी

1595 मध्ये बुऱ्हाण वारला. त्याचा मुलगा इब्राहीम चारच महिन्यांत विजापूरकरांशी लढताना पडला. मागे त्याचं अंगावर पिणारं पोर, बहादूर.

इब्राहीमचा वजीर मियाँ मंजू लढाईतून तडक नगरला आला, किल्ला आणि खजिना ताब्यात घेतला. मसलत बसली. हबशी सरदारांचा पुढारी इखलासखान आणि इतर बऱ्याच जणांचं मत पडलं की बहादूरला गादीवर बसवावं आणि चांदबिबीने कारभार पाहावा. चांदबिबी म्हणजे हुसेन निजामशाहाची मुलगी, विजापूरच्या अली आदिलशाहाची विधवा. बहादूर तिच्या भावाचा नातू. पण मंजूला चांदबिबीच्या हाताखालचा कारभारी व्हायचं नव्हतं. तान्हं पोर गादीवर आणि शत्रू दारात, हे चालेल कसं, असा मुद्दा काढून त्याने दौलताबादच्या कोठडीतून अहमदला बाहेर काढलं. ऑगस्ट 1595 मध्ये त्या बारा वर्षांच्या मुलाच्या डोक्यावर छत्र धरलं गेलं. बहादूरला चांदबिबीकडून काढून जुन्नरजवळच्या चावंड किल्ल्यावर धाडलं.

महिनाभरातच कुजबूज सुरू झाली. जुना निवाडा कुणीतरी उकरून काढला: हा तर त्या शाह ताहिरचा मुलगा, तोतयाचा पोरगा. ज्या हबशी सरदारांनी मसलतीत अखेर मान हलवली होती त्यांना आता त्याचं कूळ आठवलं. मंजूशी बिनसल्यावरच ते आठवलं, हे ध्यानात घ्यायला हवं. शहराबाहेर काळ्या चबुतऱ्यापाशी हबशी फौज जमली. मंजूने अहमदला छत्राखाली उंचावर आणून उभं केलं, म्हणजे राजा कुणाकडे आहे ते सगळ्यांना दिसावं. फिरिश्ता सांगतो की एक तोफगोळा नेमका छत्रावर आला आणि गोंधळ उडाला. छत्र पडलं म्हणजे राजा पडला, असं समजून मंजूची माणसं किल्ल्यात पळाली.

इखलासखान जिंकला खरा, पण त्याच्याकडे राजा नव्हता. चावंडचा किल्लेदार बहादूरला सोडेना. मंजूच्या हुकुमाशिवाय मूल देणार नाही, म्हणाला. तेव्हा इखलासखानाने सोपी वाट काढली. नगरच्या बाजारातून बहादूरच्याच वयाचं एक पोर उचललं, ते राजघराण्यातलं असल्याचं जाहीर केलं आणि त्याचं नाव ठेवलं मोतीशाह. दहाबारा हजार स्वार त्या नावाभोवती जमले. तोतयाचा मुलगा गादीवर चालत नाही म्हणून ज्यांनी तलवार उपसली, त्यांनी महिन्याभरात भरबाजारातून राजा आणला.

कोंडीत सापडलेल्या मंजूने मग असं काही केलं की ते पुढे त्यालाच निस्तरता आलं नाही. गुजरातेत अकबराचा मुलगा मुराद होता. मंजूने त्याला पत्र पाठवून मदतीला बोलावलं. अकबराला दख्खन हवंच होतं, फक्त आतून कडी काढणारं कुणी हवं होतं. मुराद निघाला. इकडे हबशी सरदारांत किताब आणि जहागिरींवरून जुंपली, त्यांची फौज फुटली, आणि मंजूने त्यांना ईदगाहजवळ गाठून मोडलं. आता मोगलांची गरज उरली नव्हती. पण मोगल सरहद्द ओलांडून आले होते, 30,000 स्वार घेऊन, सोबत खानखानान अब्दुर्रहीम आणि खानदेशचा राजा अलीखान.

मंजू अहमदला घेऊन मदत आणायला विजापूरच्या सरहद्दीकडे निघून गेला. किल्ला त्याने अन्सारखानाच्या हवाली केला होता. चांदबिबीने त्याचा काटा काढवला आणि किल्ल्याच्या तटावरून बहादूरच्या नावाची द्वाही फिरवली. बहादूर तेव्हाही चावंडवर कैदेत होता. राजा गडावर कोंडलेला, त्याचं राज्य वेढ्यात.

डिसेंबर 1595 मध्ये मोगलांनी वेढा घातला, तेव्हा एका गादीचे चार धनी होते. मंजूकडे अहमद, इखलासखानाकडे दौलताबादेच्या बाजूला मोती, चांदबिबीकडे बहादूरचं नाव. चौथा होता शाह अली, बुऱ्हाण पहिल्याचा मुलगा, बेचाळीस वर्षांपूर्वी आजोळी पळालेला. त्याचं वय सत्तरीच्या पुढे गेलेलं. हबशी सरदार अभंगखान त्याला आणि त्याच्या मूर्तजा या मुलाला घेऊन आला होता. चौघांत ज्यांच्या जन्माविषयी कुणालाच शंका नव्हती अशांपैकी हा म्हातारा एक. आणि त्यालाच सर्वांत कमी माणसं विचारत होती. रात्रीच्या अंधारात मोगल छावणी कापत किल्ल्यात शिरायचा बेत झाला. अभंगखान मोजक्या लोकांनिशी आत पोचला. शाह अली मागे हटला आणि त्याची पुष्कळ माणसं कापली गेली.

पुढचं आपण शाळेत शिकलो. मोगलांनी तटाखाली सुरुंग खणले. छावणीतल्याच एका सरदाराने आत खबर दिली. काही सुरुंग निकामी झाले, एक फेब्रुवारी 1596 मध्ये उडाला आणि तटाला मोठं खिंडार पडलं. बुरखा घेतलेली चांदबिबी तलवार घेऊन खिंडारात उभी राहिली, रातोरात भिंत पुन्हा उभी झाली. अखेर तह झाला. वऱ्हाड मोगलांना गेलं, बहादूर सुलतान म्हणून मान्य झाला. चावंडवरून त्याला आणून गादीवर बसवलं.

या चौघांपैकी अहमदचा शेवट मला सर्वांत लक्षणीय वाटतो. मंजूने त्याचा दावा सोडला नव्हता. विजापूरच्या इब्राहीम आदिलशाहाने दोघांना बोलावून घेतलं, मंजूला आपल्या सरदारांत सामावलं आणि अहमदला आयुष्यभराची जहागीर लावून दिली. तो सुलतान नाही, हे सांगून. आणि उपाशी मरणार नाही, हे पाहून. दोन पिढ्या लोंबकळलेल्या दाव्याचा निकाल लावला तो परक्या राजाने.

कडेवरचे राजे

1600 मध्ये चांदबिबीचा तिच्याच किल्ल्यात खून झाला. मोगलांशी बोलणी करते, हा तिच्यावर आळ. ऑगस्टमध्ये किल्ला पडला आणि बहादूर ग्वाल्हेरच्या तुरुंगात गेला. राज्य संपलं असं वाटत असताना मलिक अंबर पुढे आला. इथिओपियात जन्मलेला, बाजारामागून बाजार विकला गेलेला, दख्खनमध्ये आलेला गुलाम. त्याने राजा म्हणून कुणाला निवडलं? त्या म्हाताऱ्या शाह अलीच्या मुलाला, मूर्तजाला. परांड्याला त्याला गादीवर बसवून आपली मुलगीही दिली. अंबर पुढे पाव शतक मोगलांना झुंजवत राहिला, जमिनीची मोजणी करून महसूल बसवला, 1624 मध्ये नगरजवळ भातवडीला मोगल आणि विजापूरकर यांची एकत्र फौज मोडली. पण गादीवर स्वतः बसला नाही. कुळाशिवाय राज्य चालवता येतं, राज्य करता येत नाही, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. ते त्याला विसरू दिलंही जात नव्हतं. त्याला भेटलेला डच व्यापारी पीटर व्हान डेन ब्रुके लिहून ठेवतो की सुलतानाच्या इराणी राणीने अंबरच्या मुलीला गुलामाची पोर म्हणून हिणवलं, आणि त्यातून सुलतानावर विषप्रयोग झाला.

अंबर 1626 मध्ये गेला. 1633 मध्ये दौलताबाद पडलं, आणखी एक बालराजा ग्वाल्हेरला रवाना झाला. तेव्हा शहाजीराजांनी शेवटचा डाव मांडला. शहाजी हे नावच नगरचं. मालोजीराजांनी नगरच्या शहाशरीफ पिराला नवस केला, म्हणून मुलांची नावं शहाजी आणि शरीफजी ठेवली, असं बखरी सांगतात. शरीफजी भातवडीलाच पडले. शहाजीराजांनी जीवधन किल्ल्यावरून निजामशाही घराण्यातलं एक मूल आणलं, संगमनेर तालुक्यातल्या पेमगिरीच्या किल्ल्यावर त्याला मूर्तजा निजामशाह म्हणून गादीवर बसवलं आणि त्याच्या नावाने तीनेक वर्षं कारभार केला. मूल लहान म्हणून राजे स्वतः त्याला मांडीवर घेऊन सिंहासनावर बसले, असं त्या भागात सांगतात. 1636 मध्ये माहुलीला वेढा पडला, मुलाला मोगलांच्या हवाली करावं लागलं आणि निजामशाही संपली.

मलिक अंबरने मूर्तजा आणला, शहाजीराजांनी मूर्तजा आणला, इखलासखानाने मोती आणला. मांडणी एकच: हात एकाचा, रक्त दुसऱ्याचं.

नांगर, आरसा आणि छत्र

याच राज्यात, याच वर्षांत, नगरच्या आसपासच्या खेड्यांत पाटीलकीचे आणि कुलकर्णाचे तंटे चालू होतेच. तिथेही प्रश्न हाच: हा खरा वारस की उपरा? तिथे गोतसभा बसे. पाटील, कुलकर्णी, देशमुख, देशपांडे, काझी, बारा बलुतेदार. जुन्या सनदा वाचत, म्हातारी माणसं शपथेवर बोलत. तरीही सुटलं नाही तर दिव्य होई, उकळत्या तेलातून धातूचा तुकडा काढायचा. निकाल लागला की महजर लिहीत आणि खाली निशाण्या करत: पाटलाचा नांगर, कुलकर्ण्याची लेखणी, न्हाव्याचा आरसा, परटाची मोगरी. हा न्याय नेहमी खरा असे असं कोण म्हणेल? पण तो सगळ्यांसमोर होई, आणि निशाणी केलेल्याला उद्या मागे फिरता येत नसे.

गादीसाठी अशी सभा नव्हती. पाटलाच्या वारसाला महजर लागे, सुलतानाच्या वारसाला फक्त किल्ला ताब्यात असलेला सरदार. सलाबतखानाने चौकशी केली ती एकट्याने, साक्ष काढली ती हितसंबंध गुंतलेल्याची, आणि निकाल ठेवला तो कोठडीत. अहमद खोटा होता म्हणून वऱ्हाड गेलं नाही. मोती तर उघड खोटा होता, तरी त्याच्यामागे हजारो स्वार उभे राहिले. तंटा मिटवायला घरात जागाच नव्हती, म्हणून तो मुरादच्या छावणीत गेला, आणि पंच झालेल्याने आपली फी म्हणून प्रांत घेतला.

शहाजीराजांच्या पुत्राला हे पुरतं कळलं होतं असं वाटतं. 1674 मध्ये रायगडावर राज्याभिषेकाचं ठरलं, तेव्हाही कुळाचा प्रश्न निघाला. शिवाजी महाराजांनी कुणाचं मूल मांडीवर घेतलं नाही आणि प्रश्न टाळलाही नाही. गागाभट्टांपुढे भोसले कुळाची वंशावळ ठेवली गेली, शास्त्रार्थ झाला, संस्कार झाले आणि मग छत्र धरलं गेलं, सर्वांच्या डोळ्यांदेखत. त्यावर आजही वाद घालणारे घालतात. पण त्या दिवशी तिथे एक निकाल लागला आणि गादीला तो पुरला.

नगरहून पाथर्डीच्या रस्त्याला लागलं की डोंगरावर एक अष्टकोनी, तीन मजली दगडी इमारत दुरूनच दिसू लागते. रिक्षावाल्याला, चहावाल्याला, शाळेच्या सहलीतल्या पोराला विचारा, सगळे एकच सांगतील: चांदबिबीचा महाल. चांदबिबीचा तिच्याशी काही संबंध नाही. ती सलाबतखानाची कबर आहे. खाली तळघरात तो निजला आहे. वर्षानुवर्षं राज्याचा कारभार हाकलेल्या माणसाने स्वतःसाठी ती हयातीतच बांधली. दौलताबादेला आलेला पाहुणा खरा की खोटा, हे ज्याने ठरवायचं होतं आणि अर्धवट ठेवलं, त्याच्याच थडग्यावर आता दुसऱ्याचं नाव चढलं आहे. खाली तळघरात उतरणाऱ्याला कबर दिसते. वर गच्चीवर वाऱ्याला उभा राहणारा चांदबिबीची गोष्ट सांगतो आणि खाली उतरतो.